हॅरोत राहायला येताय? आधी तिथली रेल्वे समजून घ्या

लंडनमध्ये नोकरी लागली की ओळखीतल्या ओळखीतून तिथल्या या वायव्येकडच्या उपनगराबद्दल विचारणा येतेच, "हॅरो कसं आहे हो?" उत्तर असं की कुठलं हॅरो? टेकडी वेगळी, वील्डस्टोन वेगळं, रेनर्स लेन आणि पिनर आणखी वेगळी. या सगळ्यांचे स्वभाव बहुतांशी रेल्वेने ठरवलेत, त्यामुळे भाड्याचे आकडे बघण्याआधी रूळ बघा.

मुख्य स्टेशनं दोन आहेत आणि नवखा माणूस हमखास गोंधळतो. हॅरो अँड वील्डस्टोन १८३७चं, मध्य लंडनमधल्या युस्टन स्टेशनच्या मार्गावरचं. हॅरो-ऑन-द-हिल १८८०चं, मेट्रोपॉलिटन रेल्वेचं. दोन्हींमध्ये वीस-पंचवीस मिनिटांची चाल आहे. एजंट "हॅरो स्टेशनजवळ" म्हणाला तर कोणतं ते विचारून घ्या. आणि नावात टेकडी असली तरी स्टेशन पायथ्याशी आहे, चढ तुमचा तुम्हालाच चढायचाय.

टेकडीवर १५७२ सालची हॅरो स्कूल आहे. चर्चिल इथेच शिकले आणि १९०५ ते १९०७ पंडित नेहरूही इथेच होते. गवती टोप्या घातलेली मुलं आजही रस्त्यात दिसतात. बघायला सुरेख. राहायचं असेल तर एकदा बाबागाडी ढकलत वर जाऊन या, मग ठरवा.

खालचा भाग मात्र शंभर वर्षांपूर्वी बराचसा शेतीचाच होता. मेट्रोपॉलिटन रेल्वेला एक सवलत होती, जी इतर रेल्वे कंपन्यांना नव्हती: रुळांसाठी घेतलेली जादा जमीन ती स्वतःकडे ठेवून त्यावर घरं बांधू शकत होती. १९१५पासून तिने ‘मेट्रोलँड’ नावाची जाहिरात-पुस्तिका काढली, १९१९मध्ये घरबांधणीची कंपनी काढली. शहरात नोकरी करा, हिरवळीत राहा, रोज आमच्या गाडीने ये-जा करा, असा साधा धंदा! रेनर्स लेनच्या रस्त्यांवरून चालताना तो अजून डोळ्यांना दिसतो. जोडघरं, पुढे गोलसर खिडकी, दर्शनी भागात काळ्या लाकडी पट्ट्या, मागे लांबलचक बाग. तीन बेडरूम म्हणतात, पण तिसरी ‘बॉक्स रूम’ असते. तीत पलंग टाकलात की कपाटाचा विचार सोडून द्यायचा. गॅरेजं त्या काळच्या चिमुकल्या गाड्यांची, आजची गाडी आत गेली तरी दार उघडत नाही.

या घरांत राहायची एक रीत आहे. जमीन अनेकदा लाकडी फळ्यांची असते आणि बाहेर भिंतीच्या तळाशी हवेसाठी जाळीच्या विटा असतात. थंडी येते म्हणून त्या बुजवू नका, फळ्या कुजतात. कुकरच्या शिट्ट्या चालू असताना खिडकी थोडी उघडी ठेवा. हिवाळ्यात खोलीत कपडे वाळत घालून दारंखिडक्या बंद ठेवल्या की कोपऱ्यांत काळी बुरशी आलीच, आणि मग घरमालक बोट तुमच्याकडेच दाखवतो. घर विकत घेणार असाल तर इथली चिकणमाती लक्षात घ्या. कोरड्या उन्हाळ्यात ती आकसते आणि भिंतींना तडे जाऊ शकतात. सर्व्हेत, म्हणजे तज्ज्ञाकडून घराची तपासणी करून घेण्यात, काटकसर नको.

भाड्याने घेताना अनामत रक्कम साधारणतः पाच आठवड्यांच्या भाड्यापेक्षा जास्त मागता येत नाही आणि ती ३० दिवसांच्या आत सरकारमान्य योजनेत ठेवावी लागते. काउन्सिल टॅक्स, म्हणजे स्थानिक पालिकेचा घरावरचा कर, सहसा भाडेकरूच भरतो, हे बजेटमध्ये धरा. शाळाप्रवेशात घरापासूनचं अंतर फार मोलाचं असतं, म्हणून आधी शाळा, मग घर. अर्जाची मुदत प्राथमिकसाठी १५ जानेवारी, माध्यमिकसाठी ३१ ऑक्टोबर.

वील्डस्टोनला लोक उगाच नाकं मुरडतात. तो कामगारांचा भाग. १८९१ ते २०१६ तिथे कोडॅकचा कारखाना होता, आता त्या जागेवर नवी घरं उभी राहिली आहेत. युस्टनला जलद गाडी मिळते. खिसा बेताचा असेल तर मी आधी तिथेच बघेन.

किराण्याची चिंता नको. युगांडाचा हुकूमशहा इदी अमीन याने १९७२मध्ये तिथल्या आशियाईंना नव्वद दिवसांत देश सोडायला लावला. त्याआधीच केनियातूनही लोक येत होते. त्यातले बरेच गुजराती आधी जवळच्या वेम्बलीत राहिले, हात सैल झाल्यावर केंटन-हॅरोकडे सरकले. म्हणून मेथी, कारली, ज्वारीचं पीठ सहज मिळतं. आणि खानावळीच्या यादीत मोगो दिसतो, म्हणजे आपला साबुदाणा ज्या कंदापासून होतो तोच, तळून तिखटमीठ लावलेला. जरूर खा. फक्त दुकानातल्या काकांना "इंडियातून कधी आलात?" असं विचारू नका, त्यांचा जन्म युगांडातल्या कंपालाचा असायचा. गोडा मसाला आणि भाजणी मात्र घरूनच आणा. अलीकडे तमिळ आणि रुमेनियन दुकानंही बरीच झाली आहेत, पाव रुमेनियन बेकरीतला घ्या.

मराठी माणसं भेटायची तर १९३२ साली स्थापन झालेलं महाराष्ट्र मंडळ डॉलिस हिलला आहे. गणपतीत तिथे जाच. हॅरो-ऑन-द-हिलहून मेट्रोपॉलिटनने वेम्बली पार्क, तिथून ज्युबिली लाइन. मात्र गर्दीच्या वेळी काही जलद गाड्या वेम्बली पार्कला न थांबता थेट फिंचली रोडला नेऊन सोडतात, तेव्हा फलक वाचूनच चढा.