उडीला निघताना आधी काटा शून्यावर

आमच्या गंगापूर रोडच्या ग्रुपमधले तिघं येत्या डिसेंबरात पॅराशूटच्या कोर्सला परदेशी निघालेत. २५ उड्या पुऱ्या करून ए लायसन्स, म्हणजे एकट्याने उडायचा पहिला परवाना, घेऊनच परत येणार म्हणतात. मी याच वाटेने गेले होते आणि लायसन्स हातात आल्यावर अवघ्या काही दिवसांत एक चूक केली. म्हणून ही तयारी लिहून ठेवतेय. वाचा आणि त्यातली एक गोष्ट तरी पाठ करा.

पासपोर्ट, विमा, घोट्याला आधार देणारे बूट, हे तुम्हाला माहीत आहे. डॉक्टरांचं पत्र घ्या. खांदा पूर्वी कधी निखळला असेल तर तिथल्या इन्स्ट्रक्टरला पहिल्याच दिवशी सांगा, लपवू नका. हवेत खांदा सटकला तर हात छत्री उघडायच्या हँडलपर्यंत पोचणार नाही. सर्दी असेल तर त्या दिवशी उडी नाही, कान फार दुखतात.

आता आकडे. अमेरिकेतल्या पॅराशूट संघटनेचे नियम बऱ्याच ठिकाणी प्रमाण मानतात. त्यांप्रमाणे विद्यार्थी आणि ए लायसन्सवाल्यांनी ३,००० फुटांच्या खाली पॅराशूट उघडायला सुरुवात करायची नाही. बी आणि त्यावरच्या लायसन्ससाठी हीच मर्यादा २,५००, आणि दोघांच्या टँडम उडीसाठी ५,०००. पहिल्या उड्यांना इन्स्ट्रक्टर तुम्हाला याहून बरंच वर उघडायला लावतील, तेव्हा घाई का म्हणून विचारू नका. उघडलेली छत्री नीट नसेल तर विद्यार्थी आणि ए लायसन्सवाल्यांनी २,५०० फुटांपर्यंत निर्णय घ्यायचा: ती सोडून रिझर्व्ह, म्हणजे दुसरी राखीव छत्री, उघडायची की नाही. १,००० फुटांच्या खाली मुख्य छत्री सोडायचीच नाही, कारण तिथून रिझर्व्ह पुरती फुगेल याची खात्री नसते.

हे आकडे इतके मोठे का, असं वाटेल. पोट खाली ठेवून पडताना वेग ताशी साधारण १९० किलोमीटर असतो. म्हणजे १,००० फूट साडेपाच ते सहा सेकंदांत संपतात. छत्री पूर्ण फुगेपर्यंत त्यातलेच ६०० ते १,००० फूट जातात. ३,००० वर ओढलंत तर २,२०० च्या आसपास डोक्यावर कापड दिसणार. उरलेल्यात सगळं बघायचं, ठरवायचं आणि गरज पडली तर दुसरी छत्रीही उघडायची.

आणि हे सगळे फूट मोजायचे ते जमिनीपासून. समुद्रसपाटीपासून नव्हे, काल रात्री जिथे झोपलात तिथून नव्हे. जिथे पाय टेकणार आहात, त्या जमिनीपासून. मनगटावरच्या अल्टिमीटरला, म्हणजे काट्याने उंची दाखवणाऱ्या यंत्राला, जमीन कुठे आहे ते कळत नाही, त्याला फक्त हवेचा दाब कळतो. शून्य कुठे धरायचं ते तुम्ही सांगायचं असतं.

मी ते सांगितलं नाही. लायसन्स मिळालं, स्वतःचा अल्टिमीटर घेतला, आणि समुद्राकाठच्या लॉजवर आदल्या संध्याकाळी हौसेने त्याचा काटा शून्यावर आणून ठेवला. उडीचं मैदान तिथून आत, साधारण ५०० फूट उंचावर होतं. सकाळी आमच्या विमानाची हाक आली, मी धावतपळत जंपसूटच्या बाहीवर पट्टा आवळला आणि चढले. कोर्समध्ये रोज कुणीतरी माझा काटा बघत होतं, त्या दिवशी बघणारं कुणी नव्हतं. काटा ३,००० वर आला तसं मी ओढलं. प्रत्यक्षात मी २,५०० वर होते. त्यात दोऱ्यांना पीळ पडला. पाय झाडत तो सोडवला तोवर काटा २,००० दाखवत होता, पण खालच्या बांधावरची झाडं त्या उंचीच्या मानाने फार मोठी दिसत होती. खाली उतरले, गवतात गुडघे टेकले आणि मनगटाकडे बघितलं. जमिनीवर बसलेली मी, आणि काटा ५०० वर.

म्हणून निघायच्या आधी इथेच सवय करा. नाशिक समुद्रसपाटीपासून साधारण १,९०० फुटांवर आहे. अल्टिमीटर घरी शून्य करा आणि विमानतळाला जाताना कसारा घाटात बघत राहा, काटा शून्याच्या खाली सरकतो. उलटं करून बघा: मुंबईत शून्य केलेला काटा नाशिकला अंगणात उभं राहूनही १,९०० च्या आसपास दाखवेल. तोच घेऊन कुणी नाशिकवर उडी मारली, तर काट्यावर ३,००० आणि खाली जमीन ११०० फुटांवर. पांडवलेणीच्या पायऱ्या चढतानाही काटा हलतो. एकदा डोळ्यांनी बघा म्हणजे विसरणार नाही.

एकदा शून्य केलं म्हणजे दिवसभराचं काम झालं, असंही नाही. हवेचा दाब सकाळी दहाच्या सुमारास जास्त असतो, दुपारी चारच्या सुमारास उतरतो. आपल्या भागात स्वच्छ दिवशीही तीन-चार मिलिबारचा फरक पडतो, आणि एका मिलिबारला साधारण ३० फूट. म्हणजे सकाळचा काटा दुपारी शंभरेक फूट जास्त दाखवणार, आणि तुम्ही तितके खाली असणार. प्रत्येक उडीआधी, मैदानावर उभं राहून, काटा शून्यावर. प्रत्येक.

हेल्मेटमधल्या बीपवाल्या यंत्रालाही हेच लागू. पाठीवरच्या एएडीलाही, म्हणजे आपोआप चालणाऱ्या सुरक्षा यंत्रालाही. तो साधारण ७५० फुटांवर, तुम्ही अजून वेगाने पडत असाल तर रिझर्व्ह स्वतः उघडतो. तो मैदानावरच चालू करायचा. किट गाडीत टाकून दुसरीकडे नेलंत आणि परत आणलंत, तर बंद करून पुन्हा चालू. उडायचं एकीकडून आणि उतरायचं वेगळ्या उंचीवर असेल, तर तो फरक त्यात भरावा लागतो. इन्स्ट्रक्टरला शेजारी उभं करूनच भरा, अंदाजाने नको.

हँडलचा सराव रोज जमिनीवर करा: उजवीकडचं (मुख्य छत्री सोडायचं) बघा, धरा, ओढा; मग डावीकडचं (रिझर्व्ह उघडायचं). किट भाड्याचं असेल तर रिझर्व्हच्या पॅकिंगची तारीख बघा, अमेरिकेत एकदा केलेलं पॅकिंग १८० दिवस चालतं. सैल कपडे नकोत. स्कायडायव्हर शीतल महाजन यांनी २०१८ मध्ये थायलंडला नऊवारी नेसून उडी मारली, पण त्यामागे शेकडो उड्यांचा अनुभव होता.

विमानात शेजाऱ्याचा काटा आणि तुमचा जुळतो का बघा. मी बघितलं असतं तर तिथेच कळलं असतं. जुळला नाही तर उडी मारू नका, विमानातूनच खाली या, पैसे गेले तर जाऊ देत.

दार उघडल्यावरचं इन्स्ट्रक्टर शिकवतील. उतरताना पाय जुळवून, वाऱ्याकडे तोंड. लॉगबुक त्याच दिवशी भरा. दुपारी परत उडणार असाल तर जेवण हलकं घ्या, पाणी प्या, आणि विमानाकडे निघण्याआधी गवतात उभं राहून काटा परत शून्यावर आणा.