रताळ्याचा बर्बन कॅसरोल पाणचट झाला होता, तो असा सुधारला

मागच्या थँक्सगिव्हिंगला अटलांटात पॉटलकसाठी (प्रत्येकाने एकेक पदार्थ आणायचं जेवण) रताळ्याचा कॅसरोल (ओव्हनमधे भाजायचा पदार्थ) केला तर तो पार पाणचट, वर बर्बनचा (अमेरिकन व्हिस्की) असा भपकारा की पोरांना देता येईना. चूक माझीच, उपासाच्या सवयीने रताळी उकडली आणि व्हिस्की कच्चीच ओतली. यंदा ३ पाउंड केशरी रताळी सालासकट ४०० फॅरनहाइटला तासभर भाजली, गर मस्त घट्ट निघाला. पाव कप बर्बन बटर आणि ब्राउन शुगरमधे ५ मिनिटं उकळली (ओतताना गॅस बंद ठेवा हं, भडका उडतो), कोमट झाल्यावर गरात घातली, मग २ अंडी, थोडं क्रीम, वरून पिकान (अक्रोडासारखा सुकामेवा) आणि ओव्हनमधे ३५० ला अर्धा तास. अल्कोहोल सगळं उडत नाही म्हणून पोरांचा वेगळा केला. मार्शमेलो नाही घातले, आधीच गोडमिट्ट असतं ते.