चढ दिला असता बिंदूचा अज्ञात निर्देशक कसा काढावा

महाराष्ट्र राज्य मंडळाच्या इयत्ता दहावीच्या अभ्यासक्रमात निर्देशक भूमिती शिकताना, रेषेचा चढ देऊन तिच्यावरील एखाद्या बिंदूचा राहिलेला निर्देशक विचारणारी उदाहरणे सोडवावी लागतात. त्यासाठी वेगळे सूत्र पाठ करण्याची गरज नसते. दोन बिंदूंच्या य-निर्देशकांतील फरकाला क्ष-निर्देशकांतील फरकाने भागले की चढ मिळतो. येथे चढ आधीच ठाऊक असल्यामुळे तेच सूत्र समीकरण म्हणून मांडून सोडवायचे असते.

समजा, अ(−३, क) आणि ब(५, ७) या बिंदूंतून जाणाऱ्या रेषेचा चढ ३/४ आहे. आकडेमोडीला हात घालण्यापूर्वी उत्तराचा अंदाज बांधावा: चढ धन आहे, म्हणजे रेषा डावीकडून उजवीकडे वर जाते, आणि अ हा बिंदू ब च्या डावीकडे असल्यामुळे क ची किंमत ७ पेक्षा कमीच असली पाहिजे. आता मांडणी करू.

(७ − क) / (५ − (−३)) = ३/४

छेदातील आतला कंस गाळू नये, कारण तो गाळला की ८ च्या जागी २ येतो आणि पुढचे सगळेच बिघडते. (७ − क)/८ = ३/४, म्हणून ७ − क = ६ आणि क = १.

वजाबाकी कोणत्या बिंदूपासून सुरू करावी, याला बंधन नाही. मात्र अंशात ज्या बिंदूपासून सुरुवात केली, त्याच बिंदूपासून छेदातही करावी. वरील उदाहरणात अंशात क − ७ आणि छेदात ८ असे लिहिले, तर क = १३ येते. गणित वरकरणी बिनचूक दिसते, परंतु १३ ही संख्या ७ पेक्षा मोठी असल्यामुळे आधी बांधलेला अंदाज ती चूक लगेच पकडून देतो.

क्ष-निर्देशक अज्ञात असेल, तर तो छेदात येतो. प(क, −१) आणि फ(४, ५) यांतून जाणाऱ्या रेषेचा चढ −२ असल्यास ६/(४ − क) = −२. तिरकस गुणाकाराने ६ = −८ + २क, म्हणून क = ७. पडताळा: ६/(४ − ७) = −२.

कधी कधी चढ थेट दिलेला नसतो. रेषा दुसऱ्या रेषेला समांतर असेल, तर त्या रेषेचा चढ घ्यावा. तीन बिंदू एकरेषीय असतील, तर ज्या दोन बिंदूंचे निर्देशक पूर्ण माहीत आहेत, त्यांच्यावरून तो काढावा.

य-अक्षाला समांतर रेषेचा चढ ठरवता येत नाही, म्हणून तेथे सूत्र वापरू नये. अशा रेषेवर (क, २) आणि (६, ९) हे बिंदू असतील, तर क = ६ हे पाहताच सांगता येते; पण अज्ञात निर्देशक य असेल, तर केवळ तेवढ्या माहितीवरून त्याची एकच निश्चित किंमत काढता येत नाही.