वडशाच्या विंगेतून टीव्हीच्या स्किटपर्यंत

देसाईगंज म्हणजेच वडसा तालुक्यातल्या आमच्या गावातून पोरांचे फोन येतात, "भाऊ, टीव्हीवर कॉमेडी लिवाची हाये, कोनता कोर्स करू?" मी आधी विचारतो, यंदाच्या हंगामात नाटकं किती पाहिलीस?

भाऊबीजेनंतर मंडया, म्हणजे गावोगावच्या जत्रा, भरतात आणि वडशाच्या नाटक कंपन्या गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा, गोंदियाची गावं पालथी घालतात. नाटक रात्री उशिरा सुरू होऊन पहाटेपर्यंत चालतं. दोन वाजता, दिवसभर धान कापून आलेल्या माणसाला जागं ठेवायचं ते विनोदी पात्रानं. इथले विनोदी नट परशुराम खुणे यांनी असे पाच हजारांवर प्रयोग केले. २०२३ साली त्यांना पद्मश्री मिळाली. मी तीन हंगाम विंगेत प्रॉम्प्टर होतो. तेच माझं शिक्षण.

तिथं एक गोष्ट कळली. मराठी वाक्य क्रियापदावर संपतं, म्हणून हशाचा शब्द मधेच दबतो. "मी नेटवर्क शोधाले वावरात जातो" यावर कोणी हसत नाही. "वावरात जातो ना मी रोज... नेटवर्क शोधाले" म्हटलं की मांडव हसतो. बोलीत शब्द असा मागे नेता येतो. ही ताकद आपल्याकडे जन्मतःच आहे, ती वापरा.

पण बोली म्हणजे विनोद नव्हे. 'चला हवा येऊ द्या'मधून भारत गणेशपुरे यांनी वऱ्हाडी घरोघरी नेली, तेव्हापासून विदर्भाचा लेखक दिसला की "जरा तसं लिहा" म्हणतात. माझ्या पहिल्या कामात मी प्रत्येक ओळीत 'बे' आणि 'बावा' कोंबले. वाचनाला कोणीच हसलं नाही. मुळात मी झाडीबोलीचा, म्हणजे पूर्व विदर्भातल्या बोलीचा, आणि लिहीत होतो उसनी वऱ्हाडी! पुढचं स्किट पीककर्जाच्या एका सहीसाठी बँकेत सकाळपासून बसलेल्या म्हाताऱ्याचं होतं. त्याला सही हवी होती, म्हणून लोक हसले.

कामाची रीत साधी आहे. आधी एका ओळीत कल्पना, ती मंजूर झाली की दहा-बारा मिनिटांचं स्किट, मग वाचन, तालीम आणि शूटिंगच्या आदल्या रात्री पुन्हा लेखन. पुढे निर्मितीची बाजू सांभाळली तेव्हा दिसलं, आठ पात्रं आणि तीन जागा लिहिणारा लेखक बजेट मोडतो. वाहिनी पैसे देऊन कार्यक्रम करून घेते तेव्हा हक्क बहुधा तिच्याकडेच जातात. करार शांतपणे वाचा. संहिता स्क्रीनरायटर्स असोसिएशनमध्ये नोंदवा. मानधन अनेकदा प्रसारणानंतर दोन-तीन महिन्यांनी येतं, तेही दहा टक्के टीडीएस कापून. त्यामुळे गोंदियाहून मुंबईची विदर्भ एक्सप्रेस पकडण्याआधी सहा महिन्यांचं भाडं गाठीला ठेवा.

नमुना म्हणून एकच स्किट लिहा, दोन पात्रं, एक जागा. आणि ते कोणाला तरी मोठ्यानं वाचून दाखवा. माझी आई आजही तांदूळ पाखडता पाखडता ऐकते. तिचं सूप थांबलं की मी तिथं खूण करतो.