अमेरिकेत नुकतेच आलात? आधी आय-९४ उघडून बघा

अध्यक्ष ट्रम्प यांनी २० जानेवारी २०२५ ला, शपथ घेतली त्याच दिवशी, इमिग्रेशनवरच्या बऱ्याच आदेशांवर सह्या केल्या. तेव्हापासून नव्याने आलेली मराठी मंडळी विचारतात, ‘आपण तर रीतसर व्हिसावर आलोय, आपला त्याच्याशी काय संबंध?’ आपला संबंध आहे, आणि तो नीट समजून घ्या.

आदेश क्रमांक १४१५९ मुख्यतः बेकायदा राहणाऱ्यांवरच्या कारवाईचा आहे. पण त्यातल्या एका कलमाने परकीय नागरिकांच्या नोंदणीचा जुना, जवळजवळ विस्मरणात गेलेला कायदा पुन्हा कडकपणे अमलात आणला. १८ वर्षं पूर्ण झालेल्या प्रत्येक परकीय नागरिकाने नोंदणीचा पुरावा कायम जवळ बाळगायचा. नसला तर ५,००० डॉलरपर्यंत दंड, ३० दिवसांपर्यंत कैद किंवा दोन्ही. स्थलांतरितांसाठी काम करणाऱ्या संस्था कोर्टात गेल्या, पण वॉशिंग्टनचे न्यायाधीश ट्रेव्हर मॅकफॅडन यांनी १० एप्रिल २०२५ ला स्थगिती नाकारली आणि दुसऱ्या दिवसापासून नोंदणीचे नवे नियम लागू झाले.

व्हिसावर आलेल्या मोठ्या माणसाला वेगळी नोंदणी करावी लागत नाही. त्याचा आय-९४, म्हणजे देशात कधी आलात आणि कधीपर्यंत राहता येईल याची सरकारी नोंद, हाच पुरावा. सीमाशुल्क आणि सीमा सुरक्षा खात्याच्या, म्हणजे सीबीपीच्या संकेतस्थळावर तो फुकट मिळतो. पैसे मागणाऱ्या साइटवर जाऊ नका. नाव पासपोर्टवर आहे तस्संच टाका. आपल्याकडे वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव ‘गिव्हन नेम’च्या रकान्यात असतं, ते गाळलं की रेकॉर्ड सापडत नाही. प्रिंट काढून पाकिटात ठेवा. एच-फोरवरच्या, म्हणजे जोडीदाराच्या व्हिसावर आलेल्या बायकोचा आय-९४ वेगळा असतो, नवऱ्याच्या कागदावर तिचं भागत नाही.

आता त्यावरची तारीख बघा. एच-वनची, म्हणजे नोकरीच्या व्हिसाची मंजुरी २०२८ पर्यंत आहे आणि पासपोर्ट पुढच्या वर्षी संपतोय, तर विमानतळावरचा अधिकारी बहुतेक वेळा पासपोर्टचीच तारीख घालतो. मग तुम्हाला राहायची मुभा तेवढीच, मंजुरीपत्रावर काहीही छापलेलं असो. माणसं मंजुरीपत्र फाइलला लावून निर्धास्त होतात आणि मुदत उलटून जाते. हे मला फार टोचतं, कारण यात कुणाचा काहीच गुन्हा नसतो. प्रत्येक प्रवासानंतर नवा आय-९४ तपासा, तारीख कमी पडली असेल तर लगेच वकिलाला दाखवा.

घरात तेरा वर्षांचं मूल असेल तर आणखी एक गोष्ट. इथे असताना चौदावं पूर्ण झालं की ३० दिवसांत त्याची नव्याने नोंदणी करून बोटांचे ठसे द्यावे लागतात. यूएससीआयएस या इमिग्रेशन खात्याच्या संकेतस्थळावर खातं उघडून जी-३२५आर हा अर्ज भरायचा. कंपनीचा वकील याची आठवण करून देईलच असं नाही, म्हणून वाढदिवस आजच कॅलेंडरवर टाका.

सुरुवातीला मित्राकडे, मग अपार्टमेंटमध्ये, असं सगळ्यांचंच होतं. प्रत्येक वेळी दहा दिवसांत एआर-११ हा अर्ज भरून नवा पत्ता कळवा, घरातल्या प्रत्येकाचा वेगळा. विद्यार्थ्यांनी कॉलेजच्या आंतरराष्ट्रीय विभागात कळवायचा.

२० जानेवारीलाच सही झालेल्या १४१६० क्रमांकाच्या आदेशाची गत मात्र निराळी. आई तात्पुरत्या व्हिसावर आणि वडील नागरिक किंवा ग्रीन कार्डधारक नसतील, तर इथे जन्मलेल्या बाळाला नागरिकत्व द्यायचं नाही, असं तो म्हणतो. म्हणजे थेट आपली एच-वन जोडपी. सिएटलचे न्यायाधीश जॉन कॉफनर यांनी तीनच दिवसांत त्याला ‘उघडउघड घटनाबाह्य’ म्हणून स्थगिती दिली. २७ जून २०२५ ला सर्वोच्च न्यायालयाने सहा विरुद्ध तीन मतांनी सांगितलं की खालच्या कोर्टांनी असे देशभर लागू होणारे मनाई हुकूम सरसकट देऊ नयेत. त्या दिवशी व्हॉट्सॲपवर ‘आदेश लागू झाला’ असे मेसेज फिरले आणि दिवस भरत आलेल्या मुली रडकुंडीला आल्या. प्रत्यक्षात आदेश वैध की अवैध, हे न्यायालयाने ठरवलंच नव्हतं. १० जुलैला न्यू हॅम्पशायरचे न्यायाधीश जोसेफ लाप्लांट यांनी अशा सगळ्या बाळांचा एक गट मानून पुन्हा स्थगिती दिली, आणि डिसेंबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मूळ प्रश्न सुनावणीला घेतला.

म्हणून बातमी आली की निकाल कुठल्या कोर्टाचा, कुणापुरता आणि अपील आहे का, एवढं आधी बघा. बाळ झालं की जन्मदाखला आणि अमेरिकन पासपोर्टचा अर्ज लांबवू नका.

कुणी अधिकाऱ्याने विचारलंच तर कागद दाखवा, खोटं बोलू नका, न वाचता सही करू नका. आणि कंपनीचा वकील आधी कंपनीचं हित बघतो, हे लक्षात ठेवून अडचणीच्या वेळी तासाभराचे पैसे मोजून स्वतःच्या वकिलाचा सल्ला घ्या. एजंट किंवा नोटरी यांना इथे कायदेशीर सल्ला द्यायचा अधिकार नाही, मग ते कितीही ओळखीतले असोत.