ऑडॅसिटीत एम-फोर-ए फाइल उघडेना, तेव्हा

सदाशिव पेठेतील आमच्या गायनवर्गात शिष्यांनी मोबाइलवर ध्वनिमुद्रित केलेला रियाज एम-फोर-ए स्वरूपात येतो आणि तो एमपी-थ्रीमध्ये बदलून गुरुजींकडे पाठवण्याचे काम माझ्याकडे आहे. वर्गातील विंडोज संगणकावर ऑडॅसिटी (ध्वनिसंपादनाचा प्रोग्रॅम) नव्याने बसवल्यानंतर एमपी-थ्री फाइल बिनतक्रार उघडत होत्या, पण एम-फोर-ए उघडताना एफएफएमपेग लायब्ररी (वेगवेगळ्या स्वरूपांच्या फाइल वाचण्यासाठी लागणारा पूरक संच) सापडत नसल्याची सूचना येई. एमपी-थ्री तयार करणारी लेम ही लायब्ररी 2.3.2 आवृत्तीपासून ऑडॅसिटीतच अंतर्भूत आहे. एफएफएमपेग मात्र वेगळे बसवावे लागते.

संगणकात ते आधीपासून होते, तरीही जुळत नव्हते. फोल्डर तपासल्यावर उलगडा झाला: जुन्या डीएलएल (विंडोजमधील लायब्ररीच्या) फाइल 32-बिट होत्या आणि नवी ऑडॅसिटी 64-बिट. 64-बिट प्रोग्रॅममध्ये 32-बिट डीएलएल लोड होतच नाही, मग तिचे नाव व जागा कितीही अचूक असो. शिवाय एफएफएमपेगच्या संचातील एव्हीफॉरमॅट ही फाइल एव्हीकोडेक आणि एव्हीयुटिल यांच्यावर अवलंबून असल्यामुळे एकच फाइल बदलून भागत नाही. संपूर्ण संच एकाच आवृत्तीचा लागतो. (सुट्या डीएलएल देणारी संकेतस्थळे मी याच कारणाने टाळतो, व्हायरसचा धोका वेगळाच.)

जुना संच हटवून मी 64-बिट एफएफएमपेग बसवले, प्रेफरन्सेसमधील लायब्ररीज विभागात एव्हीफॉरमॅटची जागा दाखवली आणि ऑडॅसिटी पुन्हा सुरू केली, तेव्हा फाइल उघडू लागल्या. घरच्या जुन्या संगणकावरील 32-बिट ऑडॅसिटीसाठी तिच्या आवृत्तीशी जुळणारा संच वेगळा ठेवला आहे.