पर्स गेली, लायसन्स गेलं: सोलापुरात दुसरं कसं काढलं

जानेवारी २०२५. गड्ड्याच्या जत्रेत, शोभेच्या दारूकामाच्या रात्री माझी पर्स गेली. होम मैदानावर पाय ठेवायला जागा नव्हती. सगळ्यांच्या माना वर, आकाशाकडे. घरी येऊन बघते तर खांद्यावर पर्सचा पट्टा तेवढा राहिलेला. दिव्याखाली धरला तर टोक ब्लेडने कापलेलं, एकदम सरळ, एक धागासुद्धा उसवला नव्हता. आत आठशे रुपये होते, त्याचं मला फार वाटलं नाही. पण लायसन्स, स्कूटीचं आरसी कार्ड, आधार आणि एटीएम कार्ड एकाच कप्प्यात होतं.

मी पिग्मी गोळा करते, म्हणजे दुकानादुकानांतून रोजची छोटी बचत जमा करायची. अशोक चौकापासून साखर पेठ, कन्ना चौक करत बाळीवेशीपर्यंत रोज साठ-सत्तर दुकानं. गाडीशिवाय हे काम होत नाही. त्यामुळे लायसन्स जाणं म्हणजे माझ्यासाठी रोजीरोटीचाच प्रश्न होता. त्या दीड-दोन महिन्यांत जे करावं लागलं ते सविस्तर लिहिते, कारण माझ्यासारख्या, लग्नाआधी लायसन्स काढलेल्या बऱ्याच बायका आहेत आणि खरी अडचण तिथेच येते.

पहिलं काम त्याच रात्रीचं. बँकेच्या नंबरवर फोन करून एटीएम कार्ड बंद करायचं. सकाळपर्यंत थांबायचं नाही. आधारची काळजी नको, ते डाउनलोड करून घेता येतं. लायसन्सला मात्र पोलिसांपासून सुरुवात करावी लागते.

आणि इथे माझी चूक झाली. दुसऱ्या दिवशी ठाण्यात गेले तेव्हा टेबलावरच्या माणसाने ऐकून घेतलं आणि म्हणाले, "ताई, गहाळ झाली म्हणून लिहा. चोरी म्हटलं तर चकरा माराव्या लागतील. तुम्हाला दाखलाच पाहिजे ना?" मी दमलेली होते, लिहून दिलं. घरी आल्यावर कापलेला पट्टा समोर दिसला आणि मन खायला लागलं. गहाळ म्हणजे माझ्या हातून पडलं. इथे तर कुणीतरी ब्लेड घेऊन कापलं होतं. माझं नाव, पत्ता, फोटो असलेला कागद आता त्या माणसाच्या हातात आहे. उद्या त्यावर कुणी भाड्याने गाडी घेतली, सिम कार्ड काढलं, तर मी काय दाखवणार? "माझ्याकडून पडलं होतं" असं मीच सही करून लिहून दिलेलं.

तिसऱ्या दिवशी पट्टा पिशवीत घालून परत गेले. पट्टा टेबलावर ठेवला आणि चोरीचीच नोंद पाहिजे म्हणाले. यावेळी वेगळे साहेब होते, त्यांनी पट्ट्याचं टोक निरखलं आणि काही न बोलता लिहून घेतलं. मुद्देमालाची किंमत पाच हजारांच्या आत असल्यामुळे नोंद अदखलपात्र झाली, म्हणजे आपण एनसी म्हणतो ती. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या पहिल्या अनुसूचीत तशी तरतूद आहे. किंमत त्यापेक्षा जास्त असेल तर एफआयआर व्हायला पाहिजे आणि तिची प्रत तक्रारदाराला फुकट मिळते. एफआयआरचा गुन्हा असेल तर "आमच्या हद्दीत येत नाही" म्हणून परत पाठवता येत नाही, कुठल्याही ठाण्यात नोंद घ्यावी लागते. तरी जिथे घटना घडली त्या हद्दीतल्या ठाण्यात गेलेलं बरं, पुढची कामं सोपी होतात.

खरंच कुठे पडलं असेल, आठवत नसेल, तर गहाळच लिहा. पण जे झालं तेच लिहा. अर्ज मी असा दिला होता:

"दिनांक अमुक रोजी रात्री साडेआठच्या सुमारास होम मैदानावर गर्दीत माझ्या खांद्यावरील तपकिरी रंगाच्या पर्सचा पट्टा अज्ञात इसमाने कापून पर्स चोरून नेली. पर्समध्ये रोख रु. ८००, माझे ड्रायव्हिंग लायसन्स क्र. अमुक, वाहन नोंदणी प्रमाणपत्र क्र. एमएच १३ अमुक, आधार कार्ड व एटीएम कार्ड होते. सदर कागदपत्रांचा कोणी गैरवापर केल्यास त्यास मी जबाबदार राहणार नाही."

प्रत्येक कागदाचा नंबर त्यात यायला पाहिजे. नुसतं "कागदपत्रे" लिहिलं तर आरटीओत तो दाखला उपयोगाचा नाही. आणि शिक्का, सही, नोंद क्रमांक असलेली प्रत हातात घेतल्याशिवाय उठू नका.

आता नंबर. माझं लायसन्स ऑक्टोबर २००५ चं, लॅमिनेट केलेलं. नंबर कुणाला पाठ असतो? गाडीच्या इन्शुरन्सच्या फायलीत एक झेरॉक्स सापडली, पण पुसट. शेवटून दुसरा आकडा तीन आहे की आठ, ते कळेना. मुलाने मोबाइलवर सारथी परिवहन या लायसन्सच्या सरकारी साइटवर दोन्ही नंबर घालून बघितले, दोन्ही वेळा "रेकॉर्ड नाही". तेव्हा समजलं की जुनी हाताने लिहिलेली लायसन्सं सगळीच संगणकावर चढलेली नाहीत. ज्या आरटीओने लायसन्स दिलं, तिथेच जाऊन ते चढवून घ्यावं लागतं. याला बॅकलॉग एंट्री म्हणतात. हे झाल्याशिवाय डुप्लिकेटचा ऑनलाइन अर्ज पुढे सरकतच नाही.

एमएच-१३ चं लायसन्स म्हणून मी आपल्याच आरटीओत गेले. झेरॉक्स, पोलिसांची प्रत आणि जन्मतारखेचा पुरावा घेऊन. खिडकीवरच्या मॅडमनी जुनं रजिस्टर मागवलं. कडा खाल्लेलं, खाकी पुठ्ठ्याचं. बोट फिरवत फिरवत त्या माझ्या नावावर आल्या. निळ्या शाईत माझं माहेरचं नाव, वडिलांचं नाव, आणि नंबरात तीन नव्हे, आठ. त्या ओळीकडे बघून मला भरून आलं. वीस वर्षं ती नोंद तिथे होती. दोन चकरांत ती संगणकावर चढली. नवा नंबर जरा लांब दिसतो: एमएच १३, मग २००५, मग शून्यं आणि मग आपला जुना नंबर. ज्यांचं लायसन्स अकलूजचं असेल त्यांचं एमएच-४५, त्यांनी तिकडे जायचं.

मग आली नावाची गोष्ट, जी मला सगळ्यात महत्त्वाची वाटते. लायसन्सवर माहेरचं नाव, आधारवर सासरचं. ज्यांचं दोन्हीकडे एकच नाव आहे, त्यांना घरबसल्या आधारच्या ओटीपीवर डुप्लिकेटचा अर्ज करता येतो, आरटीओत जायचीसुद्धा गरज पडत नाही. याला फेसलेस म्हणतात आणि सोय खरंच चांगली आहे. पण नाव जुळलं नाही तर तो रस्ता बंद. अशा वेळी पुष्कळ बायका एजंटकडे जातात आणि तो सांगेल तेवढे पैसे देतात. गरज नाही. साइटवर लायसन्सच्या सेवांची यादी येते, त्यात एकाच अर्जात एकापेक्षा जास्त चौकटींवर टिक करता येतं. मी डुप्लिकेट, नावात बदल आणि नूतनीकरण अशा तीन टिका केल्या. नावासाठी विवाह नोंदणीचा दाखला लावला. तो नसेल तर आधी महापालिकेकडून काढून घ्या. दहा ठिकाणी लागतो, आणि बायकांनी तर हा कागद स्वतःच्या ताब्यात ठेवावा असं माझं ठाम मत आहे.

नूतनीकरण का, तर तारखेमुळे. २००५ ला काढलेल्या माझ्या खाजगी गाडीच्या लायसन्सची मुदत वीस वर्षं, म्हणजे ऑक्टोबर २०२५ ला संपणार होती. मुदत संपायच्या आधी एक वर्षापासून नूतनीकरण करता येतं. नुसतं डुप्लिकेट काढलं असतं तर नऊ महिन्यांत तीच चक्कर परत. म्हणून आपली तारीख आधी बघा. मुदत संपून वर्ष उलटलं असेल तर पुन्हा गाडी चालवून परीक्षा द्यावी लागते, नाहीतर नाही. वय चाळीसच्या पुढे असेल तर नूतनीकरणाला डॉक्टरांचं प्रमाणपत्र लागतं, फॉर्म १-ए. माझं वय तेव्हा ४४. नोंदणीकृत डॉक्टरांनी डोळे तपासून सही दिली. आता मला दहा वर्षांचं मिळालं. तीस ते पन्नास वयाला तेवढंच मिळतं, पूर्वीसारखं वीस वर्षांचं नाही.

फी साइटवरच भरायची आणि पावती काढून ठेवायची. त्या पावतीवर प्रत्येक सेवेची वेगळी रक्कम छापलेली असते, त्यावर एक रुपयाही कुणाला द्यायचा नाही. साइट उघडताना पत्त्याच्या शेवटी डॉट गव्ह डॉट इन आहे का ते अक्षर अक्षर बघा. लायसन्स हरवलं म्हणून शोधायला गेलं की सारख्या दिसणाऱ्या खोट्या साइट वर येतात. व्हॉट्सअॅपवर "आरटीओ चलान" नावाची फाइल आली तर हातही लावू नका. ती उघडून खाती रिकामी झालेल्या लोकांच्या बातम्या आपण सगळ्यांनीच वाचल्यात.

प्रतिज्ञापत्राबद्दलही सांगते. ते मागितलं तर बाहेर तुम्हाला पाचशेचा स्टँप घ्यायला सांगतील. सरकारी कार्यालयात द्यायच्या प्रतिज्ञापत्राला महाराष्ट्रात २००४ पासून मुद्रांक शुल्क माफ आहे. साध्या कागदावर चालतं. मी टायपिंगवाल्या दादांना एवढंच म्हणाले, "साध्या कागदावर करा की ओ, माफ आहे ते." त्यांनी मुकाट्याने साधा कागद लावला. धुणंभांडी करणाऱ्या, विड्या वळणाऱ्या बाईला पाचशे रुपये म्हणजे काय असतात, ते मी रोज पिग्मीच्या वहीत बघते. वीस-वीस रुपये जमवतात त्या. म्हणून हे जोर देऊन लिहितेय.

ठरलेल्या तारखेला आरटीओत मूळ कागद घेऊन गेले. फोटो झाला, सही झाली, बोटांचे ठसे झाले. पोलिसांची प्रत त्यांनी नीट वाचली आणि नंबर ताडून बघितला. अर्ध्या तासात बाहेर.

कार्ड हातात मिळत नाही, पोस्टाने येतं. त्यामुळे अर्जातला पत्ता पोस्टमनला सापडेल असा पाहिजे. आमच्याकडे जुना घर नंबर वेगळा, नवा वेगळा, म्हणून मी दोन्ही लिहिले आणि बोळाच्या तोंडाशी असलेल्या पिठाच्या गिरणीची खूण टाकली. दिवसभर घर बंद असतं, म्हणून शेजारच्या आक्कांना सांगून ठेवलं होतं. पोस्टमन आले की मला फोन करायचा म्हणून.

कार्ड येईपर्यंत गाडीचं काय? नाव बदलाचं काम मंजूर झालं तसं लायसन्स माझ्या फोनवर डिजिलॉकर या सरकारी अॅपमध्ये दिसायला लागलं. २०१८ पासून नियमच आहे की तिथलं लायसन्स मूळ कार्डाइतकंच ग्राह्य. तोपर्यंत मी गाडीला हात लावला नव्हता, मिस्टर सकाळी कन्ना चौकात सोडायचे आणि पुढे मी पायी फिरायचे. लायसन्स जवळ नसणं आणि मुळात लायसन्सच नसणं या कायद्याने वेगळ्या गोष्टी आहेत. लायसन्स नसताना गाडी चालवली तर पाच हजार दंड आहे. पण संगणकावर माझं रेकॉर्डच नव्हतं तोवर चौकात उभं राहून मी हा फरक कसा पटवून दिला असता?

आरसीचं थोडक्यात. त्याला वाहन नावाची वेगळी साइट आणि फॉर्म २६. पोलिसांची तीच प्रत चालते. गाडीवर कर्जाची नोंद असेल तर फॉर्मवर बँकेची सही लागते. कर्ज फिटलं असलं तरी आरसीवरून ती नोंद आपोआप जात नाही, फॉर्म ३५ देऊन काढावी लागते. मी दोन्ही एकदम केलं.

मार्चच्या पहिल्या आठवड्यात आक्कांचा फोन आला, "पोस्ट आलंय बघ तुझं." पाकिटातून कार्ड काढून नाव, जन्मतारीख, पत्ता, गाडीचा प्रकार तिथेच उभ्याने वाचून घेतलं. चूक असेल तर लगेच सांगायची. मग दोन्ही बाजूंचा फोटो काढून मुलाला पाठवला, एक झेरॉक्स गोदरेजच्या कपाटात, एक माहेरी. मूळ कार्ड आता घरातच असतं, गाडीवर फोन पुरतो.

आणि जूनमध्ये एक जाडसर लखोटा आला. कुणीतरी माझी कागदं टपालपेटीत टाकली होती, पोस्टाने ती पत्त्यावर पोचवली. पैसे नव्हते, एटीएम कार्ड नव्हतं, पण लॅमिनेटचं लायसन्स होतं, पाण्यात भिजून एका कोपऱ्यात फुगलेलं. ठेवून घ्यावंसं फार वाटलं, त्यावर चोवीस वर्षांची मी होते. पण डुप्लिकेट निघाल्यावर मूळ सापडलं तर ते आरटीओत जमा करायचं असतं, दोन लायसन्सं जवळ बाळगायची नसतात. फोटो काढून घेतला आणि साध्या कागदावर दोन ओळींचा अर्ज लिहून त्याच खिडकीवर दिलं. मॅडमनी दुसऱ्या प्रतीवर शिक्का मारून पोच दिली. ती पोच पोलिसांच्या प्रतीला टाचून फायलीत ठेवलीय.